सोळा लिही

नव्या बॅचला पहिल्या आठवड्यात मी पाच गोष्टी शिकवते. हात धुणं, ताप बघणं, नाडी बघणं, रक्तदाब घेणं आणि श्वास मोजणं. यंदा पाचवी गोष्ट मी दुसऱ्या आठवड्यावर ढकलली. सहा मुलींपैकी पाचजणींना त्याचं काही वाटलं नाही, त्या चादरीचे कोपरे सरळ बसवता बसवता रडकुंडीला आल्या होत्या. सहावीने मात्र विचारलंच.

"मावशी, श्वास कधी शिकवणार?"

"वॉर्डात मला मॅडम म्हणायचं."

"बरं, मॅडम मावशी. श्वास कधी?"

ही छोटी, माझ्या ताईची मुलगी. चार वर्षांपूर्वी ताई याच वॉर्डात, खिडकीजवळच्या खाटेवर गेली. छोटी तेव्हा पंधरा वर्षांची होती. तिच्या वडिलांचा चेहराही तिला फोटोतूनच माहीत आहे, आणि माझं लग्न या वॉर्डाशीच लागलंय असं ताई चारचौघांत सांगायची. तेव्हा आमचा गोतावळा म्हणजे मला ती आणि तिला मी. ती माझ्याशी भांडते, माझी चप्पल घालून बाहेर जाते, आणि नर्स व्हायचं वेड तिच्या डोक्यात माझ्यामुळेच शिरलं. प्रवेशाच्या अर्जात "तुम्हाला हा व्यवसाय का निवडावासा वाटला" या प्रश्नाखाली तिने लिहिलं होतं, "माझ्या आईला शेवटच्या दिवशी इथे फार जपलं गेलं." तो अर्ज द्यायला मीच गेले होते. जाताना जिन्यात थोडा वेळ बसले आणि मग उठून देऊन आले.

ताई कशी गेली ते छोटीला माहीत नाही. मला माहीत आहे. आणखी एका बाईला माहीत आहे आणि ती बाई याच वॉर्डात, दाराकडून उजवीकडच्या खाटा बघते. ज्या दिवशी छोटीला कळेल त्या दिवशी ती माझी राहणार नाही, एवढं मी स्वतःला स्पष्ट सांगितलेलं आहे. म्हणून तिला दुसऱ्या वॉर्डात टाका असं मी कॉलेजच्या बाईंना दोनदा सांगून पाहिलं. त्या हसल्या. "अहो, तुमच्यासारखी शिकवणारी मिळायला नशीब लागतं," म्हणाल्या.

शिकवणारी म्हणून माझं नाव आहे, ते खोटं नाही. पण ते कशाने झालं हेही सांगायला हवं.

ताप खोटा लिहिता येत नाही, थर्मामीटर चुगली करतो. रक्तदाब, नाडी यांना यंत्रं आहेत. श्वासाला काही नाही. रोग्याच्या उशाशी उभं राहायचं, छाती वरखाली होते ती पूर्ण एक मिनिट मोजायची, बस. आणि वॉर्डात तीस खाटा असल्या की ते एक मिनिट कुणाकडे नसतं. मग बाई खाटेच्या पायथ्याशी उभी राहते, एक नजर टाकते आणि लिहिते सोळा. सोळा हा फार गुणी आकडा आहे. कमी नाही, जास्त नाही, राउंडला कुणाच्या डोळ्यांवर येत नाही. मी वीसबावीस वर्षं सोळा लिहीत होते. वर तोरा असा की, मी दारातून बघून श्वास सांगते. मुली तोंडात बोटं घालायच्या. दारातून मी कधी अठराही सांगायचे, उगाच एकसारखं दिसू नये म्हणून.

ताई गेली त्या वर्षी शेवटच्या वर्षाच्या बॅचमध्ये एक मुलगी होती, तिला मी मिनिट म्हणायचे. युनिफॉर्मवर टाचलेलं गोल घड्याळ हातात धरून ती प्रत्येक खाटेशी पूर्ण साठ सेकंद उभी राहायची. "अगं, तू शेवटच्या खाटेपर्यंत पोचशील तोवर तो माणूस बरा होऊन घरी गेलेला असेल," असं मी म्हणायचे आणि सगळी बॅच फिदीफिदी हसायची. मिनिट हसायची नाही. लाल व्हायची आणि पुढच्या खाटेशी जाऊन पुन्हा साठ सेकंद उभी राहायची. तिच्या लॉगबुकात "निरीक्षणे वेळेत घेणे" या ओळीवर मी दोनदा सही नाकारली होती. शेरा लिहिला होता, संथ. तिसऱ्यांदा नाकारली असती तर तिचं वर्ष गेलं असतं. ही तिसरी वेळ ज्या दिवशी आली, त्या दिवशी खिडकीजवळच्या खाटेवर माझी ताई होती.

ताई पडदे बदलताना स्टुलावरून पडली होती. मांडीचं हाड मोडलं, आदल्या दिवशी ऑपरेशन करून आत सळई घातली होती. आपलं माणूस आपल्या वॉर्डात ठेवू नये असा आमच्याकडे दंडक आहे. मी तो मोडला, माझ्या डोळ्यांसमोर राहील म्हणून. सकाळी आठला मी तिच्याकडे गेले तर ती कळवळत होती आणि कळवळतानाही तोंडाचा पट्टा चालूच होता.

"तू इथली एवढी मोठी, आणि माझं दुखणं थांबवता येत नाही तुला? मग काय नुसतं पोरींवर ओरडायचा पगार घेतेस?"

मी चार्ट उचलला, आठ वाजताच्या रकान्यात श्वास सोळा लिहिले आणि ज्युनियर डॉक्टरांकडे गेले. कळवळणाऱ्या माणसाचे श्वास सोळा नसतात, हे पहिल्या वर्षाच्या मुलीलाही कळतं. मला ते त्या क्षणी कळलं नाही, कारण मी लिहीत होते, बघत नव्हते. ज्युनियर डॉक्टर बिचारे त्यांच्या मोठ्या डॉक्टरांपेक्षा मला जास्त घाबरायचे. "मॉर्फिन जरा वाढवा हो, माझी बहीण आहे," मी म्हटलं. त्यांनी वाढवलं. साडेआठला इंजेक्शन झालं, आणि साडेनऊला ताई घोरायला लागली.

आमच्या घरात ताईचं घोरणं हा विनोदाचा विषय होता. लहानपणी मी तिच्या नाकाला कपड्याचा चिमटा लावला होता. त्या दिवशी वॉर्डातही सगळे हसले. समोरच्या खाटेवरची आजी म्हणाली, "चला, एकाला तरी झोप लागली." ताईच्या नाकाशी ऑक्सिजनची नळी होती, बोटाला यंत्र होतं आणि यंत्र अठ्ठ्याण्णव दाखवत होतं. नळीतून ऑक्सिजन मिळत असला की मॉर्फिनने श्वास मंदावला तरी ते यंत्र बराच वेळ काही बोलत नाही. हेही मीच शिकवते.

मिनिटला मी खिडकीकडच्या आठ खाटा दिल्या होत्या. दहा, अकरा आणि बारा वाजता निरीक्षणं, तिन्ही वेळा पंधरा मिनिटांच्या आत. "आज जमलं तर सही. नाही जमलं तर पुढच्या वर्षी भेटू," मी सांगितलं होतं. दहानंतर ती टेबलापाशी आली.

"मॅडम, खिडकीच्या खाटेचे श्वास मला बारा वाटले."

"वाटले?"

"मोजले. बारा. आणि मध्येच जरा थांबतात."

"ती घोरतेय. जन्मापासून घोरते. मी सकाळी बघितलंय, सोळा आहेत. किती खाटा राहिल्या तुझ्या?"

"चार."

"मग इथे काय करतेस?"

ती गेली. तिने काय लिहिलं ते मी नंतर बघितलं. माझ्या आकड्याखाली तिने तोच आकडा लिहिला होता, सोळा.

अकराला ती वेळेत होती. बाराला तर चार मिनिटं आधी. मी खूश झाले. खरंच खूश झाले, कारण पोर हुशार होती आणि तिचं वर्ष जावं असं मला कधीच वाटलं नव्हतं. सव्वाबाराला मी तिचं लॉगबुक मागवलं, शेऱ्यात "आता समाधानकारक" लिहिलं आणि सही केली. तिने वही मिटली, छातीशी धरली, आणि मग दुसरा हात माझ्यापुढे उघडला. तळहातावर निळ्या पेनाने तीन आकडे होते. बारा, नऊ, सात.

"मॅडम, खिडकीची खाट. शेवटचे सात होते."

"कधी?"

"बाराला."

"आणि आत्ता सांगतेस?"

"तुमच्या सोळाखाली मी सात कसे लिहिणार होते? मला वाटलं, आधी सही होऊ दे. मग सांगेन."

ताईच्या खाटेपर्यंत बावीस पावलं आहेत. शाळेला सुट्टी होती म्हणून छोटी अकरापासून तिथे स्टुलावर बसली होती, मांडीवर कुठलंसं पुस्तक. मला बघून तिने ओठांवर बोट ठेवलं आणि हळूच म्हणाली, "मावशी, बघ ना, आई आत्ताच घोरायची थांबली."

पुढची चाळीस मिनिटं मी सांगणार नाही. छोटीला बाहेर नेलं. ज्युनियर डॉक्टर आले, मोठे डॉक्टर आले, मॉर्फिनचा उतारा दिला, जे जे करतात ते सगळं केलं. उतारा अर्धा तास आधी दिला असता तर तिने डोळे उघडून मला दोन शिव्या दिल्या असत्या. मी सव्वीस वर्षं नोकरी केली होती आणि माझ्याच बहिणीला तो अर्धा तास देऊ शकले नव्हते.

सगळं आटोपल्यावर मी बेसिनपाशी गेले तर मिनिट तिथे उभी होती. हात उघडा, आकडे तसेच. ती रडत नव्हती. ती वाट बघत होती की आता काय करायचं ते मॅडम सांगतील. गेली तीन वर्षं मीच तिला सांगत आले होते. मी सांगितलं.

"हात धुऊन घे. साबण लावून, नीट."

तिने माझ्याकडे बघितलं. मग नळ सोडला आणि मी शिकवलं होतं तसे हात धुतले, बोटांच्या मधे, नखांखाली, अंगठ्याभोवती. पूर्ण मिनिटभर धुतले. पाणी थोडं निळं झालं आणि गेलं.

चौकशी तिघांच्या समितीने केली. त्यांनी चार्ट पुढे ठेवला. आठला सोळा, दहाला सोळा, अकराला सोळा, बाराला सोळा. बारा वाजता ज्याचे श्वास सोळा आहेत त्याला मॉर्फिन जास्त झालं असं म्हणता येत नाही. मोडलेल्या हाडाच्या रोग्याला कधीकधी रक्ताची गुठळी फुप्फुसात जाते, ते काही कुणाच्या हातात नसतं. मिनिटला विचारलं, "तू स्वतः मोजले होतेस?" ती म्हणाली, "हो. सोळा." तिने ते असं सांगितलं, जणू दारातून बघून सांगतेय. मी शेजारच्या खुर्चीत होते, मी मान हलवली. शवविच्छेदन नको म्हणून कागदावर सही घरच्या माणसाची लागते. तीही मीच केली.

तेव्हापासून मिनिट इथेच नोकरीला आहे. तिने मला कधी धमकी दिली नाही, आवाजसुद्धा चढवला नाही. फक्त सुट्टी मागायची असली की टेबलासमोर येऊन उभी राहते आणि "मॅडम" म्हणते, आणि मी सुट्टी लिहून टाकते. तिच्या युनिफॉर्मवरचं गोल घड्याळ कधी गेलं ते मला कळलं नाही. ती आता वॉर्डातली सगळ्यात झपाट्याने काम करणारी नर्स आहे. डावीकडच्या माझ्या खाटांवर मी प्रत्येक माणसाचा श्वास पूर्ण मिनिट मोजते, मरेपर्यंत मोजेन. उजवीकडचे चार्ट मी बघत नाही. तिकडे काय लिहिलेलं असतं ते मला बघायची गरज नाही.

ताईच्या फाइलची प्रत घरच्यांना मिळते, ती छोटीच्या कपाटात, तिच्या लहानपणच्या फ्रॉकखाली आहे. प्रवेश मिळाला त्या दिवशी जेवता जेवता ती म्हणाली, "मावशी, आता मला ते चार्ट वाचता येतील. बाराला पण आईचे श्वास सोळाच होते ना? म्हणजे तिला त्रास नाही झाला." मी तिला आणखी वाढलं. ती पुरे पुरे म्हणत होती तरी वाढलं.

दुसऱ्या आठवड्यातल्या मंगळवारी अखेर मी श्वास शिकवला. सहाजणींना माझ्या बाजूच्या एका खाटेभोवती उभं केलं. आपण श्वास मोजतोय हे रोग्याला कळलं की तो श्वास बदलतो, म्हणून आधी नाडी बघायची आणि मग मनगट तसंच धरून ठेवायचं, नाडीच मोजतोय असं दाखवायचं, आणि नजर छातीवर न्यायची. "म्हणजे फसवायचं," छोटी म्हणाली. "त्याच्या भल्यासाठी," मी म्हटलं. "पूर्ण एक मिनिट. अर्ध्या मिनिटाची दुप्पट नाही, पावमिनिटाची चौपट नाही." छोटीच्या मनगटावर ताईचं जुनं घड्याळ होतं. त्याचा सेकंदकाटा जरा अडखळतो पण वेळ बरोबर दाखवतो.

छोटीला मी माझ्या बाजूच्या खाटा दिल्या होत्या. इतके दिवस मी तिला डावीकडून उजवीकडे जाऊ दिलं नव्हतं, कधी चादरी मोजायला बसवून, कधी औषधांचं कपाट पुसायला लावून. त्याच मंगळवारी साडेदहाला मेट्रनबाईंनी बोलावलं. चादरींचाच विषय होता, धुवायला गेलेल्या किती आणि परत आलेल्या किती. मी उठायला बघत होते आणि त्या नवीन कागद काढत होत्या. तासभर गेला.

परत येताना वॉर्डाचं दार अजून पंधरा पावलं लांब असताना मला घोरणं ऐकू आलं. जड, खरखरीत, आणि मध्येच थांबणारं. मी व्हरांड्यात भिंतीला हात लावून उभी राहिले. मग चालू लागले.

घोरत होता तो उजवीकडच्या तिसऱ्या खाटेवरचा शिंपी. आदल्या दिवशी त्याच्या आतड्याचं ऑपरेशन झालं होतं. भला माणूस, फक्त खोड एकच, प्रत्येक नर्सला तिच्या युनिफॉर्मची बाही कुठे चुकलीय ते सांगायचा. सकाळी दुखतंय म्हणून त्याने वॉर्ड डोक्यावर घेतला होता, आणि त्याला मॉर्फिन दिलं गेलं होतं. आता आजूबाजूचे लोक हसत होते. कुणीतरी म्हणालं, "मशीन चालू आहे मास्तरांचं." खाटेशी छोटी उभी होती, शिंप्याचं मनगट धरून. तिच्यापाशी मिनिट, हातात चार्ट.

"मॅडम, आलात बरं झालं," मिनिट म्हणाली. "एक नर्स आजारी म्हणून घरी गेली, मी हिला इकडे घेतलं. पण ही फार वेळ लावते. मी म्हटलं, सोळा लिही आणि पुढे चल."

"सोळा नाहीत," छोटी म्हणाली. "नऊ आहेत. मी दोनदा मोजले."

"घोरतोय तो. गाढ झोपलाय."

"घोरू दे. नऊच आहेत."

मिनिटने माझ्याकडे बघितलं. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, खोडसाळपणा नव्हता. "मॅडमना विचार ना," ती म्हणाली. "त्यांना मोजावं नाही लागत. त्या दारातून सांगतात."

टोमणा होता की सवय होती, मला ठरवता आलं नाही. चार्ट तिच्या हातात होता आणि मला वरूनच दिसत होतं, आठला सोळा, नऊला सोळा, दहाला सोळा. मी एकच शब्द बोलायचा होता. तो बोलले असते तर छोटीने लिहिलं असतं, कारण मावशी म्हणाली म्हणून ती काहीही लिहील. मग संध्याकाळी आम्ही दोघी घरी गेलो असतो, तिने माझी चप्पल घातली असती आणि फ्रॉकांखालची फाइल तशीच राहिली असती. तो शब्द माझ्या जिभेवर आला होता. हे मी कबूल करते, कारण तेवढं तरी खरं सांगायला हवं.

"घड्याळ दे," मी छोटीला म्हटलं.

मी शिंप्याचं मनगट धरलं आणि ताईच्या घड्याळाकडे बघत मोजलं. पूर्ण मिनिट. घोरणं मध्ये एकदा इतकं लांब थांबलं की समोरचा माणूस उठून बसला. आठ भरले. छोटीच्या मोजणीनंतर एक कमी झाला होता.

त्यानंतर मी ओरडलेच. डॉक्टरांना बोलवा, उतारा काढा, उशी काढा, याची हनुवटी वर धरा. शिंप्याला हलवून त्याच्या कानात ओरडले, श्वास घ्या, मोठा घ्या. डॉक्टर धावत आले, उतारा शिरेत गेला. दोन मिनिटांनी शिंप्याने मोठा श्वास ओढला, डोळे उघडले, छातीशी वाकलेल्या माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "बाई, तुमची कॉलर वाकडी शिवलीय." आजूबाजूचे सगळे हसले. मी कॉलर सरळ केली आणि पुन्हा त्याची नाडी धरली.

उताऱ्याचा असर मॉर्फिनच्या आधी ओसरतो, म्हणून अशा रोग्याला पुढे काही तास एकटं सोडायचं नसतं. मी मिनिटला खाटेशी स्टूल दिलं. "इथे बस आणि दर पाच मिनिटांनी मोजून मोठ्याने सांग," म्हटलं. तिच्याकडे सेकंदकाट्याचं घड्याळ नव्हतं. मी माझं काढून दिलं. ती बसली, घड्याळ हातात धरलं, आणि पहिल्या वर्षाच्या मुलीसारखी ओठ हलवत मोजायला लागली. चार वर्षांत मी तिला मोजताना बघितलं नव्हतं. तिची मोजायची सवय मीच मोडली होती, आणि तिच्याआधी आणखी कितीजणींची मोडली असेल याचा हिशेब मला करवत नव्हता.

छोटी बेसिनपाशी हात धूत होती. तिचा चेहरा फुलून आला होता. पहिल्याच दिवशी पहिलाच माणूस वाचवला, का नाही फुलणार?

"मावशी, बरोबर मोजले ना मी?"

"बरोबर मोजलेस."

"पण तुला एवढ्या पटकन कसं कळलं? डॉक्टर यायच्या आधीच तू उतारा काढायला सांगितलास. नुसतं घोरणं ऐकून तुझा चेहरा कसा झाला होता, मी बघितला."

मागून मिनिटचा आवाज आला, "चौदा." मी नळाच्या धारेकडे बघत होते. चार वर्षांपूर्वी त्याच बेसिनमध्ये निळं पाणी गेलं होतं.

"तुझ्या आईचं असंच झालं होतं," मी म्हटलं.

"नाही. आईचे सोळा होते." तिला वाटलं मी विसरलेय, म्हणून ती समजावून सांगायला लागली. "आठला सोळा, दहाला सोळा, अकराला, बाराला. मला पाठ आहे."

"मोजले तेव्हा बारा होते. मग नऊ झाले, मग सात. कागदावर सोळा लिहिले गेले, कारण आठ वाजता मी न मोजता सोळा लिहिले होते. मोजणारी मला सांगायला आली होती. मी तिला म्हटलं, माझी ताई घोरते. नंतर तिच्या हातावर आकडे होते, तेही मीच धुवायला लावले."

छोटीने उरलेली बोटं धुतली, सगळी, घाई न करता. नळ कोपराने बंद केला. एकेक बोट पुसलं, टॉवेल टोपलीत टाकला. "मी स्टुलावर बसले होते ना," एवढंच म्हणाली. "मला ती झोपलीय असं वाटत होतं." मग माझ्यापुढे हात केला. मला आधी कळेना, मग कळलं. ताईचं घड्याळ अजून माझ्या मुठीत होतं. मी ते दिलं.

ती शिंप्याच्या खाटेशी गेली, मिनिटच्या स्टुलाशेजारी उभी राहिली, दुसरं मनगट धरलं आणि मोजायला लागली. मिनिट उठून जाईल असं मला वाटलं, ती उठली नाही. शिंपी दोघींना काहीतरी बाहीबद्दल सांगत होता. मी टेबलापाशी गेले, चौकशीच्या समितीला पत्र लिहायला कागद काढला, पहिली ओळ लिहिली आणि पेन खाली ठेवलं. दहा मिनिटांनी मी खाटेशी गेले.

"किती?" मी छोटीला विचारलं.

तिने पूर्ण मिनिट होऊ दिलं. नजर शिंप्याच्या छातीवरून हलवली नाही.

"बारा, मॅडम," ती म्हणाली.